भिकाजी मास्तरांची बिनअक्षरी बिगरी

पडदा वर जातो तेव्हा समोर एकच खोली दिसते. जांभ्याच्या भिंती, वर नळ्यांचे छप्पर आणि मागच्या खिडकीतून ओहोटी लागलेली खाडी. मालगुंडच्या अलीकडच्या एका वाडीतली ही शाळा, साल एकोणीसशे सत्तावीस. उजव्या अंगाला चौथीचा वर्ग हिशेब सोडवतो आहे, डावीकडे दुसरी-तिसरी पाढे ओरडते आहे आणि पुढे सारवलेल्या जमिनीवर बिगरी नाक पुसते आहे. मध्यभागी भिकाजी पावसकर मास्तर एकटे उभे. अंगात विटका कोट, आणि चेहऱ्यावर सकाळच्या घंटेलाच संध्याकाळ उतरलेली.

बिगरीने मास्तरांना दमवले होते. वर्षानुवर्षे ते 'क, ख, ग' गाऊन घेत आणि पोरे ते सुरात म्हणत. तशीच दोन-तीन वर्षे बसून ती एक दिवस होडीवर नाहीतर मुंबईला निघून जात. पुढे कधी वाटेत भेटली की नमस्कार करीत, पण दुकानावरची पाटी काही त्यांना वाचता येत नसे. मास्तर घरी येत ते घसा बसवून.

त्या वर्षी सरकारच्या शिक्षण खात्याने मोजक्या शाळांत एक नवी रीत करून पाहायचे ठरवले. अक्षरे घोकवायचीच नाहीत. रोजच्या ओळखीचे शब्द चित्रासकट सबंध दाखवायचे आणि त्यांतून अक्षरे मुलांनीच हुडकायची. त्यासाठी रंगीत चित्रफळ्या मिळणार होत्या, आणि दुसरे मास्तरही. अट एकच. वर्षअखेर दिपोटी, म्हणजे शाळा तपासणारे साहेब, येतील तेव्हा बिगरीला घोकंपट्टीचा वाराही लागलेला नसावा. रीत साधली तर मदत कायम, नाहीतर बंद.

ट्रेनिंग घेऊन आलेल्या सदू मास्तरांनी वरचे वर्ग उचलले. भिकाजी मास्तर बिगरीपुढे मांडी घालून बसू लागले. माड, होडी, खाडी, सुपारी. दिवाळीनंतर एकदा त्यांनी पाटीवर कधी न दाखवलेला शब्द लिहिला. शिवा भंडाऱ्याची राही पुढे सरकली. तिने अर्ध्या शब्दावर बोट ठेवले.

"ह्या माडातला," ती म्हणाली, "आणि ह्या होडीतला." मग थांबून, "माडी. आमचा बापूस काढतो ती."

वर्ग हसला. मास्तरांनी पाटी पुसली आणि लगेच दुसरा नवा शब्द लिहिला.

त्या संध्याकाळी मास्तरांच्या पत्नी गोदावहिनींनी नेहमीसारखे गुळण्यांसाठी मिठाचे गरम पाणी पुढे केले.

"नको," मास्तर म्हणाले. "आज मी बोललोच कमी."

"मग काय, घरी बोलायला शिल्लक ठेवलंत?" वहिनी म्हणाल्या.

शिमगा झाला, दिपोटींची स्वारी ठरली आणि नेमका मास्तरांना हिवताप आला. ते आठवडाभर अंथरुणावर होते. सदू मास्तर शाळा सुटली की मालगुंडला आपल्या बिऱ्हाडी जात. वाडीत दिपोटीचा दिवस म्हणजे साऱ्या गावाचे कार्य. बायका शाळा सारवीत, पुरुष तोरणे बांधीत, पोरे कमी दिसली तर शेजारच्या वाडीतून उसनी आणून बसवीत. मास्तरांची अब्रू ती गावाची अब्रू. नव्या रीतीची अट मात्र गावात कुणाला सांगितलेली नव्हती.

"राहीला क म्हणून दाखव म्हटला, तर म्हणते क कसला, होडी दाखवा," राहीच्या शेजारची गंगुबाई देवळाच्या पायरीवर म्हणाली. "दिपोटी इचारील तवा काय होडी दाखवायची?"

आप्पा तांडेलांनी पानाची पिंक टाकली. सारा जन्म त्यांनी गलबते हाकली होती, आणि लहानपणी छडी खाऊन अक्षरे गिरवली होती.

"मास्तराची नोकरी जाईल," ते म्हणाले. "माणूस तापात पडलाय, त्याच्या कानावर घालू नका. आपण हाय कशाला?"

रोज दिवेलागणीला देवळात बिगरी जमू लागली. आप्पा मुळाक्षरे नि वेलांट्या-उकार पुढे म्हणत, पोरे मागे.

दिपोटी आले. मास्तर काठी टेकत उभे राहिले. साहेबांनी पाटीवर 'सुडी', म्हणजे भाताच्या पेंढ्यांची रास, हा वर्गात कधी न दाखवलेला शब्द लिहिला आणि राहीला खूण केली. राही उठली, हाताची घडी घातली, डोळे मिटले आणि पहिल्या अक्षरापासून शेवटपर्यंत सगळी मुळाक्षरे एका दमात म्हणून मोकळी झाली. दाराशी आप्पांचे ओठ तिच्याबरोबर हलत होते.

"ते छान. पण हे वाच," साहेब म्हणाले.

"स ला पहिला उकार सु, ड ला दुसरी वेलांटी डी," राही म्हणाली आणि शब्द न वाचताच खाली बसली. दुसऱ्या पोराचे तेच, तिसऱ्याचेही तेच.

मास्तरांनी दाराकडे पाहिले आणि त्यांना सारे उमगले. साहेबांना बाजूला नेऊन त्यांनी खरे ते सांगितले.

"माझा विश्वास आहे," साहेब हळूच म्हणाले. "पण आता मी मोजू काय? नव्या रीतीचं किती आणि गावाचं किती?"

पावसाळ्याआधी चित्रफळ्या परत गेल्या, सदू मास्तरांची बदली झाली. साहेबांची बैलगाडी गेली त्याच दिवशी आप्पा नारळ घेऊन आले होते. "राखली की नाय तुमची नोकरी?" त्यांनी विचारले. मास्तरांनी नारळ घेतला आणि म्हणाले, "राखलीत, आप्पा." आप्पा पुढे त्याच समाधानात गेले.

मास्तरांनी पुन्हा चारी वर्ग एकट्याने ओढले. तीस सालानंतर सरकारी काटकसर आली, मग दुसरा मास्तर मागायचे कुणी नावही काढले नाही. घसा कायमचा बसला. पेन्शनीत निघाले तेव्हा ते कुजबुजल्यासारखे बोलत.

अडतीस साली, मास्तर अगदी थकले असताना, एका दुपारी सदू मास्तर भेटीला आले. सरकार तीच रीत पुन्हा करून पाहणार होते आणि काम त्यांच्याकडे दिले होते. "सुरुवात कुठून करू?" त्यांनी खाटेजवळ बसून विचारले.

मास्तरांनी डोळे उघडले. त्यानंतर दोन दिवस ते होते, पण बोलले ते एवढेच.

"आधी गावाला बिगरीत बसवा, सदूभाऊ. आणि ती खिडकी तेवढी लोटा, डोळ्यांवर ऊन येतंय."