आत्याच्या मनगटाचे दोन फोटो

ऑफिसात हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. एकदा मी माझ्या आत्याला एक्स-रेचा धोका शून्य आहे असं सांगितलं.

आमच्या कामात शून्य चालत नाही. किरणोत्सर्गामुळं कॅन्सरचा धोका किती वाढतो याचं गणित मांडणं हा माझा पेशा. वर्षानुवर्षं नोंदी बघायच्या आणि शेवटी म्हणायचं, धोका फार कमी आहे, पण अजिबात नाही असं म्हणता येत नाही. आमच्यातले लोक चहात साखर आहे का विचारलं तरी शक्यता नाकारता येत नाही म्हणतात.

आमच्या गावी, वालूरला मात्र मी क्यान्सरचा डॉक्टर. तिथं एका लग्नाच्या पंगतीत कुणीतरी एक्स-रेचं विचारलं, तेव्हा मी हेच वाक्य बोललो. जिलबी वाढणाऱ्या आत्यानं त्यातलं ‘पण’च्या पुढचं तेवढं जपून ठेवलं.

पुढं ती न्हाणीत घसरली. मनगट वांग्यासारखं सुजलं, तरी फोटो काढायला तयार होईना. भाच्यानंच सांगितलंय, म्हणे. लेप लावून बसली. हाड वाकडं जुळलं तर हात कामातनं जाईल, आता तूच ये, असा आतेभावाचा फोन आला.

परभणीच्या दवाखान्यात बाकावर बसून मी तिला समजावू लागलो. केळ्यातसुद्धा थोडा किरणोत्सर्ग असतो म्हणालो, तर तिनं हातातलं केळं शेजारच्या बाईला देऊन टाकलं.

"धोका हाय का न्हाई, येवढं सांग."

"अगदी नगण्य..."

"म्हंजे हाय."

"शून्य, आत्या. शून्य."

ती लगेच उठली. आत जाऊन एक्स-रेच्या टेबलावर हात ठेवला. नातेवाइकांनी बाहेर थांबा, असं एक्स-रेवाल्यानं म्हणायचा अवकाश, मी सवयीनं दाराबाहेर. एसटीत जागा धरायलाही मी कधी इतका चपळ झालो नव्हतो. त्यानं बटण दाबलं आणि आत्यानं नेमकी तेव्हाच दाराकडं मान वळवली.

"शून्य हाय ना? मग पळायलास कुठं?"

हात हलला, फोटो पुसट आला. दुसरा काढावा लागला. माझ्या खोट्यापायी आत्याला दुप्पट किरणं. तिथंच मनात गणित केलं. उत्तर नगण्य आलं, शून्य काही येईना.

दुसऱ्या वेळी तिनं मला बाहेर जाऊ दिलं नाही. एक्स-रेवाल्यानं मला शिशाचा एप्रन चढवला. त्या ओझ्यानं मी जू ठेवलेल्या बैलासारखा मान खाली घालून उभा. आत्या माझ्याकडं बघत राहिली आणि हात जरासुद्धा हलला नाही.

हाड सरकलं होतं. ते बसवून प्लास्टर घातलं. प्लास्टर काढताना अजून एक फोटो लागेल, असं डॉक्टर म्हणाले. ऑटोत बसल्यावर मी खाली मान घालून सांगितलं, "आत्या, ते शून्य नव्हतं."

"माहीत हाय. तू पळालास तवाच कळलं."

"मग दुसरा फोटो कसा काढू दिलास?"

"तू आत उभा होतास की."

पुढच्या फोटोलाही ये म्हणाली. मी ऑटोतूनच ऑफिसला रजा कळवली.