येढा

मनमाडला गाडी बदलून निजामाच्या रेल्वेत बसले, तेव्हा मनात एकच होतं: धाकट्या बहिणीला, कुसुमला, बाळंतपणासाठी नगरला घेऊन यायचं. आईवडील गेल्यापासून तिचं माहेर म्हणजे मीच. दिवस भरायला अजून महिन्याहून अधिक अवकाश होता.

सेलूला उतरले तेव्हा ऊन कोवळं होतं. पाटीवर उर्दू अक्षरं, स्टेशनाबाहेर कापसाच्या गाड्यांची रांग. करोडगिरीच्या (जकातीच्या) शिपायाने माझी पेटी उघडायला लावली. वरच डिंकाचे लाडू होते. "बेटी के वास्ते?" त्याने विचारलं. "बहिणीसाठी," मी म्हणाले. त्याने काही न विसकटता झाकण लावलं.

कुसुमच्या सासरहून धोंडिबा बैलगाडी घेऊन आला होता. तिचं गाव बोरीच्या अंगाला, जवळजवळ दिवसभराची वाट. दोन्ही बाजूंना काळी जमीन, हुरड्यात आलेली ज्वारी. धोंडिबाने एका शेतातून कणसं आणली, भाजली, हातावर चोळून मला दिली. इतका गोड हुरडा मी खाल्ला नव्हता. तो मात्र दाणाही तोंडात टाकेना.

पुढच्या वस्तीत घराघराच्या भिंतीवर गेरूने काढलेली एकच खूण दिसली. एकात एक वेढे, आणि बाहेरून फिरत फिरत मधोमध जाणारी एकच वाट.

"हे काय?"

"येढा, माय. गाय अडली की तिच्या म्होरं काढत्यात. मेंढरू चुकलं की वाड्याच्या तोंडाशी. बाई अडली तर थाळीत काढायचा."

"मग सुटते?"

"कवा सुटती, कवा न्हाई." तो बैलांकडे बघतच म्हणाला, "थोरली मालकीन म्हनली, वाटंत सांगू नको. पन तुमच्या बहिनीला कालपासून कळा यायल्यात."

"हाक गाडी!" मी म्हणाले. त्याने बैल पळवले, आणि ओढ्याच्या उतारावर चाकाची लोखंडी धाव सुटली. लाकूड फुगून धाव घट्ट बसावी म्हणून चाक पाण्यात भिजत ठेवावं लागलं. मी काठावर बसून त्या चाकाकडे बघत राहिले.

पोचले तेव्हा ऊन कलत होतं. कुसुम जमिनीवर पडली होती, चेहरा राखेसारखा. माझ्याकडे पाहून हसली. "अक्का, आलीस? आता सुटते मी."

मी तिच्या नवऱ्याला, रंगनाथला, बाहेर बोलावलं. "परभणीच्या दवाखान्यात नेऊ."

"सकाळी नेली व्हती, अक्का. ओढ्यापातूर गेलो, गाडीच्या धक्क्यानं लय हाल व्हायले. तीच म्हनली, माघारी न्या. डॉक्टराला आनायला घोडं धाडलंय." तो रस्त्याकडे बघत राहिला. रस्त्यावर कुणी नव्हतं.

आत सुईण गयाबाईने काशाच्या थाळीत कुंकवाने येढा काढला होता. बाळंतिणीने त्या वाटेवरून बोट फिरवत मधोमध पोचायचं, मग थाळी धुऊन ते पाणी प्यायचं. कुसुमचं बोट वाटेवरून घसरत होतं. ते मी धरलं. नगरला असते तर या प्रकाराला मी हसले असते. पण त्या खोलीत करण्यासारखं दुसरं काही नव्हतं. आम्ही दोघी वळणावळणाने मध्ये पोचलो. ती पाणी प्याली.

"परत काढा," ती म्हणाली.

गयाबाईने परत काढला. मग पुन्हा. सासू कोपऱ्यात बसून देवाला हाका मारत होती. शेवटच्या खेपेला कुसुमचं बोट अर्ध्यातच माझ्या हातात जड झालं. "अक्का, लय लांब हाय गं," ती म्हणाली. लग्नानंतर तिची बोली इकडचीच झाली होती. दिवेलागणीला ती गेली; डॉक्टर तोवर आलाच नव्हता. मूल जन्मलंच नाही.

गयाबाई थाळी पुढ्यात घेऊन तशीच बसून राहिली. तिला कुणी बोललं नाही, मीही नाही. बोलायला रागसुद्धा उरला नव्हता.

तेरावं झाल्यावर रंगनाथ मला सेलूला सोडायला आला. फलाटावर गाडी लागली तेव्हा त्याने विचारलं, "अक्का, तुमच्याकडं बाई डॉक्टर हाय म्हनं. तिथं बाया मरत न्हाईत का अशा?"

आमच्या आळीत कितीतरी वर्षांत अशी एकही गेली नव्हती.

"मरतात," मी म्हणाले. "तिकडंही मरतात."

त्याने मान हलवली. मग उपरण्यात तोंड घालून, मी आल्यापासून पहिल्यांदाच, तो रडला.

गाडी हलली. माझ्या शेजारची जागा रिकामीच होती. दोन गावांमध्ये अंतर ते केवढं, एका रेल्वेचं आणि एका बैलगाडीचं. मी ते जाताना ओलांडलं, येतानाही ओलांडलं. तिला मात्र एका ओढ्यापलीकडे जाता आलं नाही.