नुसता वखर

आमच्या कचेरीत जमिनीच्या सगळ्या कामांना मिळून एकच शब्द होता, मशागत. मी शेतीखात्याच्या कचेरीत टायपिस्ट होते. दर उन्हाळ्यात वरून परिपत्रक यायचं, त्यात ‘शेतकऱ्यांनी पूर्वमशागतीची कामे वेळेत पूर्ण करावीत’ हे वाक्य असायचंच, आणि ते मी इतक्यांदा टाइप केलं की बोटं आपोआप चालायची. लग्नाआधी मला शेतीतलं ठाऊक होतं ते एवढंच. माझं माहेर शहागंजातल्या एका गल्लीतलं. तुपाच्या डब्यात लावलेला एक गुलाब, ही आमची सगळी जमीन.

सासर करमाडच्या पलीकडं, आडबाजूच्या गावात. नवरा शहरातल्या कारखान्यात कामाला, म्हणून आम्ही शहरात दोन खोल्यांत राहायचो आणि सुट्टीला गावी जायचो. गावात मशागत हा शब्द कुणी उच्चारत नसे. तिथं प्रत्येक कामाला त्याचं त्याचं नाव होतं आणि चुकीचं नाव घेतलं की हसू व्हायचं. माझं पहिल्याच उन्हाळ्यात झालं. मामंजी, म्हणजे माझे सासरे, बैलांमागं चालत होते. मी बांधावरून विचारलं, "मामा, नांगरणी संपत आली का?" त्यांनी बैल थांबवले आणि भाकरी घेऊन आलेल्या आत्याबाईंकडं, म्हणजे माझ्या सासूबाईंकडं, बघून म्हणाले, "ऐकलं का? साऱ्या जिल्ह्याला शेती शिकवणारी हापिसरीण आणली आपुन, अन् तिला वखर वळखू येत नाय!"

मग त्यांनी मला जवळ बोलावून दाखवलं. नांगराला फाळ असतो. तो खाली घुसतो, खालची माती वर काढतो आणि वरची खाली घालतो. वखराला आडवं लोखंडी पातं असतं, त्याला पास म्हणतात. ती पास वरच्या चार बोटं मातीतून सरकत जाते, तण कापते, ढेकळं फोडते आणि खालचं जिथल्या तिथं राहू देते. आमच्याकडच्या काळ्या रानाला दरवर्षी नांगर लागत नाही. हराळी फारच माजली, रान आवळून आलं, तर काही वर्षांनी एकदा. वखर मात्र दर उन्हाळ्यात, आधी उभा आणि मग आडवा. पीक वर आल्यावर ओळींमधून बैलानं फिरवायचं ते कोळपं, आणि बायकांनी बसून करायची ती खुरपणी. पण यातलं कुठलंही काम मामंजींच्या लेखी वखराच्या तोडीचं नव्हतं. कुणाच्या घरची ख्यालीखुशाली घ्यायची तरी ते विचारायचे, "वखर हाणला का त्यायनी?" हाणला असेल तर त्या घरात सगळं ठीक आहे, असं ते धरून चालायचे.

माझी पहिली मुलगी दात यायच्या आधीच गेली. गावीच गेली, उन्हाळ्यात, साध्या तापानं. नवरा शहरात कामावर होता. दात न आलेल्या लेकराला आमच्याकडं जाळत नाहीत, पुरतात. आपल्याच शेतात पुरतात, आणि आईला तिथं नेत नाहीत. मामंजींनी तिला माझ्या मांडीवरून उचललं, माझ्याच जुन्या लुगड्यात गुंडाळलं, खांद्यावर टिकाव घेतला आणि ते शेताकडं गेले. सोबत शेजारचा एक म्हातारा होता, तोही पुढं लवकरच वारला. नवरा संध्याकाळी पोचला तेव्हा सगळं उरकलं होतं. कुठं ठेवली, हे त्यानं वडिलांना विचारलं नाही. मी आत्याबाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, "ते इचारायचं नसतं, माय. पुढच्या लेकराला बाधतं."

मी रडले नाही. याचा बायकांना फार राग आला. रडवण्यासाठी त्यांनी बरेच प्रयत्न केले, बाळाची टोपडी माझ्यासमोर आणून ठेवली. एकीनं पदराआडून दुसरीला सांगितलं, की शिकलेल्या बायकांचं काळीज असंच दगडाचं. ते मला ऐकू आलं आणि त्याचंही काही वाटलं नाही. दूध येत होतं तेवढ्यापुरतंच शरीर माझं होतं. रजा संपल्यावर कचेरीत गेले तर पूर्वमशागतीचं परिपत्रक येऊन पडलेलं. मी ते टाइप केलं. एकही चूक नव्हती, साहेबांनी कौतुक केलं.

पुढच्या उन्हाळ्यात गावी गेले तेव्हा मामंजी वखर हाणत होते. मी बांधावर बसले होते, बघायचं म्हणून बघत होते. शेताच्या वरच्या अंगाला एक बोरीचं झाड आहे. वखर त्या बोरीखाली आला आणि मामंजींनी तो मुठीला धरून उचलला, दोन खाटांएवढी जागा तशीच सोडली, आणि पलीकडं नेऊन पुन्हा टेकवला. परत येतानाही तसंच. आडव्या फेरीला पुन्हा तसंच. सगळं रान भुसभुशीत होऊन पडलं आणि तेवढी जागा वाळलेल्या गवतासकट राहिली.

मला कळलं. म्हणजे मला वाटलं, की मला कळलं. मी कुणाला काही विचारलं नाही, कारण विचारायचं नसतं हे सांगून झालं होतं. पण मामंजी न बोलता मला सांगताहेत, असं मी समजले. संध्याकाळी सगळे घरी गेल्यावर मी त्या गवतात जाऊन बसले. तिथंही रडू आलं नाही. फक्त जागा ठाऊक झाली. तेव्हा माझ्याजवळ तेवढंच होतं आणि मी ते घट्ट धरलं.

पुढं मुलगा झाला. तो वाढला, शाळेत जाऊ लागला. दर उन्हाळ्यात आम्ही गावी जायचो आणि दर उन्हाळ्यात मामंजी बोरीखाली वखर उचलायचे. मी त्या वेळी काहीतरी निमित्त काढून शेतात असायचीच. कधी भाकरी घेऊन जायची, कधी पाण्याची कळशी. आत्याबाई म्हणायच्या, सूनबाईला शेताचं लई वेड. मी हो म्हणायची. बाकी वर्षभर मला कशाचंच वेड नव्हतं. डबे भरायचे, बस धरायची, टायपिंग करायचं, परत यायचं. कुणी वारलं तर भेटून यायची, कुणाचं लग्न असलं तर आहेर द्यायची. सगळं वेळेवर. माझ्या आत मात्र बाहेरचं काही पोचत नव्हतं, आणि त्याची मला सवय झाली होती.

मग आत्याबाई गेल्या. मामंजींना दिसेनासं झालं, बैल विकावे लागले. मोतीबिंदू काढायला आम्ही त्यांना शहरात आमच्याकडं आणलं. एका डोळ्याचं ऑपरेशन झालं, त्यावर पट्टी. दुसऱ्यानं त्यांना फक्त उजेड कळायचा. वाकायचं नाही, उन्हात जायचं नाही. खाटेवर पडल्या पडल्या ते एकच धोशा लावायचे, "रानात वखर हाणून घ्या रे. पाणी यील." नवऱ्यानं गावातला ट्रॅक्टर ठरवला. ट्रॅक्टरवाला म्हणाला, माझ्याकडं सध्या नांगर जोडलेला आहे, तुमच्या रानाला बऱ्याच वर्षांत नांगर नाही, एकदा खोल नांगरून टाका आणि पुढं पावसाआधी वखराचं बघू. नवऱ्याला ते पटलं. वडिलांना सांगितलं तर ते नको म्हणतील, म्हणून त्यांना वखरच हाणतोय असं सांगायचं ठरलं. नवऱ्याला सुट्टी मिळेना. मी म्हणाले, मी जाते. कुणीही गेलं असतं तरी चाललं असतं, पण बोरीखाली उभं राहायला माझ्याशिवाय कोण होतं?

ट्रॅक्टर चालवणारा गावातल्याच मुसलमान कुटुंबातला, चांगला बोलका माणूस. मी आधीच बोरीखाली जाऊन उभी राहिले होते. तो जवळ आला तसा मी हात केला.

"इथं नांगर घालू नका. एवढी जागा सोडा."

"काय हाय भाभी इथं? देव हाय का?"

"सोडायची आहे."

तो खाली उतरला नाही की त्यानं पुढं काही विचारलं नाही. "ठीक हाय, छोड दिया," म्हणाला आणि नांगर उचलून माझ्याभोवतीनं वळला. दरवेळी ट्रॅक्टर आला की मी तिथंच, पाय रोवून. ऊन डोक्यावर आलं तरी मी हलले नाही. मला वाटलं, मामंजी इतकी वर्षं जे करत होते ते आज मी केलं. बऱ्याच वर्षांत स्वतःबद्दल मला काही बरं वाटलं असेल तर ते त्या दुपारी.

वरचं रान झाल्यावर त्यानं ट्रॅक्टरवरूनच ओरडून विचारलं, "भाभी, हिरीकडचं खालचं रान बी घेऊ ना?"

"घ्या," मी म्हणाले. "सगळं घ्या."

विहिरीकडचा तुकडा आमच्या शेतातला सगळ्यात चांगला. काळी, लोण्यासारखी माती. नांगर तिथं खूप खोल गेला. खालची ओलसर माती वर येऊन पडत होती, मोठमोठी ढेकळं उलटत होती, आणि मागं साळुंक्या उतरल्या होत्या. मी बोरीच्या सावलीत बसून घरून आणलेली भाकरी खात ते बघत होते.

घरी पोचले तेव्हा दिवेलागण झाली होती. मामंजी खाटेवर उताणे पडले होते. माझी पावलं ओळखून म्हणाले, "आलीस का, माय? वखर हाणला का?"

"हाणला."

"बोरीखाली उचलला का त्यानं?"

इतक्या वर्षांत आमच्या दोघांत त्या जागेचं नाव पहिल्यांदा निघत होतं. मी म्हणाले, "उचलला. मी स्वतः उभी राहिले होते, मामा."

"लई झाक केलंस. खडक हाय तिथं. पास मोडली आसती."

मी बॅग खाली ठेवली. "खडक?"

"खडकच. दोन बोटं खाली सारा खडक. माझ्या बापानं बी कधी वखर घातला नाय तिथं."

मी खाटेच्या काठावर बसले. मग जे विचारायचं नसतं ते मी विचारलं. "मग ती कुठंय?"

कोण, असं त्यांनी विचारलं नाही. त्यांनी चादर छातीपर्यंत ओढून घेतली. मग म्हणाले, "हिरीच्या अंगाला. औदुंबराच्या म्होरं. खडकात कशी ठेवीन मी तिला? सगळ्यात मऊ माती बघितली. तिथं मी पुन्यांदा नांगर घातला नाय कधी. नांगर खालचं वर काढतो. वखराचं तसं नाय, त्यो वरच्यावर जातो. अन् वखर न हाणून बी भागत नाय, काटे माजतेत. लेकराच्या अंगावर काटे कसे माजू द्यावं? म्हनून नुसता वखर. हळू. बैलाला हाळी बी न देता."

मी ऐकत होते. मला त्यांचा राग आला. असा राग मला आयुष्यात कधी कुणाचा आला नव्हता. दर उन्हाळ्यात मी तिथं होते, दहा पावलांवर, आणि या माणसानं मला एका शब्दानं सांगितलं नाही. एक शब्द पुरला असता. मी बोरीखाली खडकाची राखण करत बसले आणि तिकडं मीच हात दाखवून म्हणाले, सगळं घ्या. राग आला, आणि रागापाठोपाठ ती सगळी वर्षं माझ्या अंगावर आली, टोपडी, दूध, लुगडं, सगळंच. तिला किती खोल ठेवलं होतं, हे विचारायला माझं तोंड उघडलं नाही.

त्यांनी चाचपडत माझा हात धरला. पट्टीमुळं त्यांना माझा चेहरा दिसत नव्हता. "खालच्या रानात वखरच होता ना ग?"

"व्हय, मामा," मी म्हणाले. "नुसता वखर."

"बरं झालं." ते जरा सैल झाले. "आता तुला जागा ठाव झाली. मला काय दिसायचं नाय आता. हितनं म्होरं तूच बघत जा."

"बघते," मी म्हणाले.

त्यानंतर त्या तुकड्यात मी नांगर जाऊ दिलेला नाही. दर उन्हाळ्यात औदुंबराजवळ उभी राहते आणि नुसता वखर हाणून घेते. मामंजी जाईपर्यंत विचारत राहिले, आणि मी दरवेळी खरंच सांगत होते, त्या एका वर्षाखेरीज.