कुलूप न लावलेले घर

गुढीपाडव्यानंतरचा सोमवार: खरेदीखताची नोंदणी झाली. जबाबदार कोणी नाही. त्या दिवशी सर्व काही कायद्याप्रमाणे घडले.

त्याच वर्षीचा वैशाख: सातबारा उताऱ्यावर आमचे नाव लागावे म्हणून फेरफाराचा अर्ज दिला. जबाबदार: तेव्हाचे तलाठी. त्यांनी अर्जाची पोच दिली. त्यापलीकडे काही दिले नाही.

पुढील वर्षीची दिवाळी: पहिले स्मरणपत्र. जबाबदार: मंडल अधिकारी, ज्यांच्या मते ते पत्र तलाठ्यांकडे जायला हवे होते.

त्यानंतरचे सगळे पावसाळे: जबाबदार: तहसीलदार, एक आलेले आणि एक बदलून गेलेले.

ही यादी मी संतापाने केली आहे, हे नाकारत नाही. पण त्या वर्षांत माझ्या मनात संताप थोडा होता आणि भीती फार होती.

निवृत्तीनंतर येरवड्याच्या पुढे, नगर रस्त्याच्या बाजूस, रीतसर बिगरशेती झालेला एक प्लॉट घेऊन आम्ही त्यावर घर बांधले. घर आमचे, पण त्याखालच्या जमिनीच्या उताऱ्यावर नाव विकणाऱ्या गृहस्थांचेच राहिले. आणि घरावर स्लॅब पडण्यापूर्वीच ते गृहस्थ वारले. सभोवती संगणक कंपन्यांच्या काचेच्या इमारती उभ्या राहू लागल्या, तशा आमच्या फाटकाशी अनोळखी गाड्या थांबू लागल्या.

एकदा गाडीतून उतरलेल्या तरुणाने अदबीने विचारले, "काका, इथले मालक कोण?"

"मी."

"उताऱ्यावर तर दुसरंच नाव आहे."

"नोंद व्हायची आहे."

"हां, मग ठीक आहे. आम्ही आपलं सहज विचारलं." तो हसला आणि गाडीत बसण्यापूर्वी त्याने कुंपणाची लांबी पावलांनी मोजली.

त्या दिवसापासून आमच्या घराला कुलूप लागले नाही. रिकाम्या घराचे कुलूप तोडून कोणी आत बिऱ्हाड थाटले, तर बाहेर राहिलेल्याला ताब्यासाठी आयुष्यभर दावा लढवावा लागतो, हे मला ठाऊक होते. म्हणून दोघांपैकी एकाने घरात राहायचेच, असे ठरले. मुलीच्या बाळंतपणाला पत्नी गेली, बारशाला मी गेलो. पुतण्याच्या लग्नात लोकांनी विचारले, "वहिनी नाही आल्या?" मी म्हणालो, "त्या पहाऱ्यावर आहेत." सगळे हसले.

तलाठ्यांच्या चावडीवरचा कोतवाल मला लांबूनच ओळखू लागला होता. "सायब फिरतीवर हायती," मी सायकल टेकवायच्या आतच तो सांगे.

"परत कधी येतील?"

"आता फिरतीवरच्या माणसाचं काय सांगावं, आजोबा?"

दररोज सकाळी चहाआधी मी वर्तमानपत्रातील जाहीर नोटिसा वाचत असे. कुठलीही जमीन विकत घेण्यापूर्वी खरेदीदाराचा वकील तिथे बारीक टायपात हरकती मागवतो. मी फक्त गट क्रमांक पाहत जाई. आमचा नाही, असे कळले की चहा घशाखाली उतरे. एका सकाळी आमचा निघाला. त्या गृहस्थांच्या वारसांकडून संपूर्ण गट कोणीतरी खरेदी करणार होते. मुदतीत हरकत न आल्यास कोणाचाही हक्क नाही असे समजण्यात येईल, असे पुढे लिहिले होते. ते 'कोणाचाही' म्हणजे आम्ही दोघे.

पत्नीने चष्मा लावून नोटीस वाचली. "अहो, आज पेपर आला नसता तर?"

मी हरकत लिहायला कोरा कागद पुढे ओढला.

हरकत त्याच दिवशी रजिस्टर पोस्टाने गेली आणि पाठोपाठ मी उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल केली. मागणी एवढीच होती: महसूल अधिनियमाच्या कलम १५० नुसार फेरफाराची जी नोंद घेणे बंधनकारक आहे, ती घेण्याचा आदेश द्यावा. सुनावणीला मुंबईस मी एकटाच जात असे; पत्नी घरी. सरकारी वकील प्रत्येक वेळी म्हणत, "सूचना घेऊन सांगतो." अखेर न्यायमूर्तींनी विचारले, "नोंद घेण्यात अडचण काय आहे?" वकिलांनी कागद चाळले. अडचण त्यांना सापडली नाही. ठरावीक मुदतीत निर्णय करण्याचा आदेश झाला.

तलाठ्यांनी ती नोंद एका दुपारी लिहिली. सूचना चावडीवर लागली. वारसांसह कोणीही हरकत घेतली नाही. नोंद प्रमाणित झाली. नव्या उताऱ्यावर आम्हा दोघांची नावे होती.

त्या संध्याकाळी मी नवे कुलूप आणले आणि म्हणालो, "चल, सारसबागेत जाऊन येऊ. दोघे." तिने ठेवणीतले पातळ नेसले. घराला कुलूप लावून बसथांब्यापर्यंत आम्ही गेलो. बस आली. तिने माझा हात धरला. "तुम्ही जाऊन या. मी थांबते घरी." मीही गेलो नाही. परतलो तेव्हा कुलूप जागेवर होते. ते दोनदा ओढून पाहिल्याशिवाय मला उघडता आले नाही.

न्यायालयाने नाव लावून दिले. बसमध्ये चढण्याचे धैर्य देणारा आदेश कोणत्याही न्यायालयाच्या हाती नाही. म्हणून वर उल्लेखिलेल्या सर्व अधिकाऱ्यांना माझा एकच प्रश्न आहे. जे काम एका दुपारचे होते, ते इतकी वर्षे कशासाठी अडवून धरले? कारण होते, तर ते न्यायालयात का सांगितले नाही? नव्हते, तर तसे कबूल करावे. उत्तर मला खासगीत, खुर्ची पुढे सरकवून, चहा मागवून नको आहे. ते वर्तमानपत्राच्या त्याच पानावर, त्याच बारीक टायपात, जाहीर द्यावे. मी ते पान आजही दररोज वाचतो.