दुपट्ट्यानं राखलेली जागा

साठ-एकसष्टचा पावसाळा होता. यवतमाळच्या सहकार कचेरीत मी माझ्या कामासाठी बसलो होतो. शेजारी तांड्यावरचा एक शेतकरी होता. गावची सोसायटी बुडवली म्हणून त्यानं माजी अध्यक्षावर तक्रार केली होती. बाकावर आपल्या बाजूला त्यानं दुपट्टा पसरला होता. कुणी बसू लागलं की तो हात आडवा घाली.

सुनावणीची वेळ झाली तरी अध्यक्षाचा पत्ता नव्हता. साहेब वैतागले, "भरपाई त्याच्यावर बसवतो आणि मोकळा होतो!"

"थांबा जी साहेब," हा म्हणाला. "समोरचा आल्याबिगर आमच्या तांड्याच्या पंचायतीत कोनी तोंड उघडत नाही. नाल्याले पूर असन."

दुपारी अध्यक्ष आला, गुडघ्यापर्यंत चिखलानं माखलेला. यानं दुपट्टा उचलला, त्याला पाय पुसायला दिला, शेजारी बसवलं आणि म्हणाला, "आता ऐकतो तुह्यं. बोल, चोरट्या."