अर्धा हार

भुताखेतांच्या गोष्टी ऐकल्या की मला हसू येतं. रस्त्यावरची लिंबू-मिरची मुद्दाम ओलांडून जाणारी बाई मी! तरी हे लिहितेय, कारण कुणाला तरी सांगायलाच हवं...

अकोल्यात आमचं फुलांचं दुकान. बाबा विकायचे, आई घरी हार ओवायची. दर पाच फुलांनंतर मरव्याची एक काडी — ही तिची खूण. मी मात्र प्रेमात पडून अमरावतीला एकाच्या घरी राहायला गेले. आधी त्याने मैत्रिणी तोडायला लावल्या, मग आई-बाबा, मग हात उचलायला लागला. आई गेली तेव्हा माझा फोन त्याने लपवून ठेवला होता. मला चौथ्या दिवशी कळलं.

शेवटी निघून आले. बाबांनी दार उघडलं, ताट वाढलं... पण बोलले नाहीत. आठ महिने नुसतं 'हो' आणि 'नाही'. मी हार ओवायला शिकत होते, तेही वाकडेच व्हायचे.

आणि एका सकाळी त्याचा मेसेज. 'बदललोय मी. ये ना.' मी मूर्ख, विरघळले! बाबा बाजारात गेले होते. लग्नाच्या हाराची शेवंती टोपलीत, ओल्या फडक्याखाली तशीच ठेवली, घराला कुलूप लावलं आणि स्टँड गाठलं.

अमरावतीच्या बसमध्ये बसते न बसते तोच बाबांचा फोन.

"हार अर्धा टाकून कुठी गेली वं?"

"कोणता हार?"

"लग्नाचा! सुई तशीच लटकून राह्यली. अन् मरवा पाहा कसा लावला... तुह्या मायसारखा. हात बसला वं पोरी तुहा. ये लवकर, मले नाही ओवता येत."

आठ महिन्यांत बाबा पहिल्यांदा एवढं बोलले. मी रडतच बसमधून उतरले.

घरी खरंच अर्धा हार होता. पाच फुलं, मरवा, पाच फुलं, मरवा. किल्ल्या दोनच — एक माझ्याकडे, एक बाबांकडे. बाबांवरही संशय घेऊन पाहिला, पण संधिवाताने त्यांच्या बोटांत सुई ठरत नाही. आणि आईने तर आयुष्यात कधी हार अर्धा सोडला नव्हता. सुई लटकती दिसली की ओरडायची.

तो मी ओवला नव्हता, हे बाबांना अजून सांगितलेलं नाही. मग कुणी ओवला, ते मलाही माहीत नाही. त्या दिवशी मी त्याचा नंबर ब्लॉक केला. बाबा शेजारी बसून एकेक फूल हातात देत होते. मी तीच सुई उचलली आणि पुढचं फूल ओवलं.