अप्पांच्या विहिरीचं कुलूप

आज पहाटे माझे वडील, अप्पा, गेले.
ते चांगले माणूस नव्हते.

कमेंटमध्ये हात जोडायच्या आधी पूर्ण वाचा.

लातूरला गोलाईच्या बाजारामागं आमचं लॉज होतं. आजोबांनी निजामाच्या काळात बांधलेलं, अडतीवर येणाऱ्या व्यापाऱ्यांसाठी. वर आठ खोल्या, खाली खानावळ, मागच्या अंगणात विहीर.

येसराची आमटी खायला लोक लांबून यायचे. तो मसाला मागच्या गल्लीतली फातिमाखाला कुटायची. ती आणि माझी आई, एकाच उखळापाशी, कित्येक वर्षं.

मग लातूर जिल्हा झाला. साहेब लोक आले, पण क्वार्टर कुठं होते? सगळे आमच्याकडंच उतरले. अप्पांनी खानावळीवर 'रेस्टॉरंट' अशी पाटी लावली.

आणि पुढं पाऊसच आला नाही.

गल्लीतले नळ कोरडे. टँकर कधी येईल ते टँकरवाल्यालाच माहीत. आमच्या विहिरीला मात्र पाणी होतं.

अप्पांनी तिच्यावर लोखंडी जाळी बसवली. वर कुलूप.

खाला घागर घेऊन आली. "शेठ, दोनच घागरी द्या. सुनेला ताप हाय."

जेवत बसलेल्या साहेबांसमोर अप्पा ओरडले, "ही धर्मशाळा न्हाई! आज तू आलीस, उद्या अख्खी गल्ली येईल."

खाला रिकामी घागर घेऊन परत गेली.

दुसऱ्या दिवशी टँकर आला. लॉजच्या मालकाची बायको, माझी आई, दोन घागरी घेऊन रांगेत उभी राहिली. खालाच्या मागं.

मी नववीत होतो. लई लाज वाटली. पळत गेलो.

"आई, घरी चल. लोक बघायलेत."

"बघू दे."

एक घागर तिनं खालाच्या घरी ठेवली. दुसरीतलं पाणी स्वतःपुरतं वापरलं. विहिरीच्या पाण्याला शिवली नाही.

अप्पा म्हणाले, "माझी इज्जत रस्त्यावर आणलीस."

"मग ठेवा ती विहिरीत. कुलूप हायच."

प्रत्येक टँकरला हेच. शेवटी पाच नंबरच्या खोलीतल्या इंजिनियर साहेबांनी वेटरला विचारलं, टँकरच्या रांगेतल्या त्या बाई कोण? कळल्यावर त्यांनी सामान बांधलं.

"साहेब, काय चुकलं?" अप्पा त्यांच्या मागं मागं.

"मला इथलं पाणी नको."

त्याच दुपारी कुलूप निघालं. गल्लीची तहान बघून नाही. बाकीचे साहेब जातील म्हणून.

गल्ली आली. खाला आली नाही. आई घागर घेऊन तिच्या दारात गेली.

"बहन, तेरे पे गुस्सा नै," खाला म्हणाली. "पर वो पानी गले से उतरता नै."

मसाला कुटायलाही ती परत आली नाही. आमटी बिघडली, ते जाऊ द्या. आईची एकुलती एक मैत्रीण गेली. त्यानंतर मरेपर्यंत आई त्या घरात खळखळून हसल्याचं मला आठवत नाही.

आज चौकात फ्लेक्स लागला. अप्पांच्या फोटोखाली मोठ्या अक्षरात: दुष्काळात शहराला पाणी पाजणारे.

दादाला म्हणालो, ही ओळ काढ.

"गेलेल्या माणसाचं वाईट बोलू नये," दादा म्हणाला.

मी दाढीचं ब्लेड आणलं आणि लोकांदेखत ती ओळ कापून काढली. फोटो तसाच ठेवला.

अप्पा, मुलगा म्हणून माती दिली.
'भावपूर्ण' लिहायला हात उचलत नाही.
नुसतीच श्रद्धांजली.